अपील दाखल आहे, तरी वसुलीचं पत्र आलं: डिमांडवर स्टे कसा मागायचा?

जमाखर्च_भोसरी | सोमवार, २२ सप्टेंबर २०२५, ११:०८

आयकरातल्या जाणकारांना विचारतोय. भोसरीतलं भागीदारी वर्कशॉप, निर्धारण वर्ष २०२३-२४. कलम १४३(३)ची निर्धारणाची ऑर्डर आणि १५६ची (कर भरायची) डिमांड नोटीस १८ मार्चला पोर्टलवर आली. भरलेलं उत्पन्न २१ लाख, ठरवलेलं ५३ लाख. व्याजासकट डिमांड २४,६०,०००.

त्याची फोड अशी: २०,००,००० वादातले (बिनतारण कर्जं १६ लाख, स्रोत पटला नाही म्हणून कलम ६८ खाली उत्पन्नात धरली, आणि लेबर चार्जेस १२ लाख अमान्य, त्यांचा कर व व्याज). ३,१०,००० केवळ जॉबवर्कच्या टीडीएसचं क्रेडिट दिलं नाही म्हणून. १,५०,००० बरोबर आहेत, त्याबद्दल तक्रार नाही.

फॉर्म ३५ (पहिलं अपील) मुदतीत, ९ एप्रिलला भरला. स्टेचा, म्हणजे वसुली थांबवायचा, अर्ज केलेला नाही. आता एओंचं (निर्धारण अधिकाऱ्यांचं) पत्र आहे की सात दिवसांत भरा, अन्यथा २२६(३) खाली बँक खातं जप्त. प्रश्न दोन. अपील पेंडिंग असताना अशी वसुली करता येते का? आणि स्टे मागायची वेळ निघून गेली का?

---

कलम_दोनशेवीस | २२ सप्टेंबर, १२:३१

पहिल्याचं उत्तर: येते. दुसऱ्याचं: नाही गेली.

आयकरात अपील म्हणजे स्टे नव्हे. १५६ची नोटीस हातात पडल्यापासून ३० दिवसांत रक्कम भरली नाही, तर २२०(४) प्रमाणे करदाता कसूरदार ठरतो. अपील असो वा नसो. तुमचे ३० दिवस १७ एप्रिलला संपले. त्या दिवसापासून एओंचे हात मोकळे होते, त्यांनी सप्टेंबरपर्यंत काही केलं नाही एवढंच.

सुटका कलम २२०(६) मध्ये आहे. पहिलं अपील दाखल असेल तर वादातल्या रकमेपुरतं 'या करदात्याला कसूरदार धरणार नाही' असं एओ ठरवू शकतात, अपिलाचा निकाल लागेपर्यंत. आणि त्याच कलमात स्पष्ट म्हटलंय की भरण्याची मुदत उलटून गेली असली तरीही. म्हणजे अर्ज आजही चालतो. मात्र तो लेखी करावा लागतो, आपोआप काही मिळत नाही.

'वादातल्या रकमेपुरतं' हे शब्द नीट वाचा. तुमच्या २४.६० लाखांचे तीन वेगळे डबे आहेत आणि तिघांचे रस्ते वेगळे. सगळ्याला मिळून एकच स्टे अर्ज टाकलात तर तो फेटाळायला कारण तुम्हीच दिलंत.

१) १,५०,००० मान्य आहेत, ते आजच पूर्ण भरा. मान्य रकमेला स्टे नसतो.

२) ३,१०,००० टीडीएसचे. हा वाद नाही, ही चूक आहे. यासाठी कलम १५४चा दुरुस्ती अर्ज. ऑर्डर फेसलेस युनिटने काढली असली तरी त्यानंतर रेकॉर्ड आणि डिमांड तुमच्या क्षेत्राच्या एओंकडे येते, तेव्हा अर्ज त्यांच्याकडेच. सोबत २६एएसची (टीडीएसच्या नोंदींच्या उताऱ्याची) प्रत आणि विवरणपत्रातलं टीडीएसचं पान जोडा. अपिलात हा मुद्दा घेतला असला तरी १५४ टाकाच. अपिलाला वर्षं लागतात, १५४ त्या मानाने लवकर सुटतो.

३) २०,००,००० वर स्टे. त्यासाठी याचे २०% भरायचे, म्हणजे ४,००,०००.

म्हणजे आज खिशातून ५,५०,०००. पूर्ण डिमांडच्या २०% भरले असते तर ४,९२,००० झाले असते, पण तो हिशोब चुकीचा आहे.

---

पेठेतला_कारकून | २२ सप्टेंबर, १२:५०

२०% हे कायद्यात नाही, परिपत्रकात आहे. हे लिहायला हवं, नाहीतर लोक त्याला कलम समजतात.

---

कलम_दोनशेवीस | २२ सप्टेंबर, १३:१५

बरोबर. मूळ सूचना केंद्रीय प्रत्यक्ष कर मंडळाची, क्र. १९१४, डिसेंबर १९९३ची. त्यात २९ फेब्रुवारी २०१६च्या कार्यालयीन निवेदनाने १५% घातले आणि ३१ जुलै २०१७ला त्याचे २०% केले. रीत अशी: वादातल्या डिमांडच्या २०% भरले तर एओंनी उरलेल्यावर पहिल्या अपिलाचा निकाल लागेपर्यंत स्टे द्यायचा. जास्त मागायचे असतील (वरच्या कोर्टाचा निकाल खात्याच्या बाजूने आहे, किंवा धाड-सर्व्हेत ठोस पुरावा मिळाला) किंवा कमी घ्यायचे असतील (आधीच्या वर्षी हाच मुद्दा अपिलात करदात्याच्या बाजूने सुटला), तर एओंनी प्रधान आयुक्तांकडे पाठवायचं. एओंनी अर्ज दोन आठवड्यांत निकाली काढायचा. आयुक्तांकडे गेलं तर तिथेही दोन आठवडे.

२०%च्या खाली जाताच येत नाही असं कोणी म्हटलं तर सर्वोच्च न्यायालयाचा एलजी इलेक्ट्रॉनिक्सचा निकाल दाखवा, जुलै २०१८. परिपत्रक अधिकाऱ्याचे हात बांधत नाही, प्रकरण बघून कमी रकमेवरही स्टे देता येतो, असं त्यात आहे.

---

तळजाई | २२ सप्टेंबर, १३:४४

इथे तर २१ चे ५३ लाख केलेत, दुपटीहून जास्त. अशा वेळी १९६९च्या सूचना ९६ प्रमाणे एक रुपयाही न भरता पूर्ण स्टे मिळतो. ४ लाख कशाला भरायचे?

---

जुना_झगा | २२ सप्टेंबर, १४:२०

तळजाईसाहेब, हा सल्ला ऐकून बरेच जण तोंडघशी पडलेत. ९६ खरी आहे, त्यात 'दुप्पट किंवा अधिक' हे शब्दही आहेत. पण १९१४ काढताना आधीच्या सूचनांची जागा तिने घेतली. काही उच्च न्यायालयांनी ९६चा आधार घेऊन दिलासा दिलाय हे मान्य. तो रिटमध्ये (थेट उच्च न्यायालयातल्या याचिकेत), एओंच्या टेबलावर नव्हे.

मात्र १९१४ मध्येच एक वाक्य तुमच्या कामाचं आहे. एओंच्या निर्णयात वरिष्ठाने अपवादानेच हात घालावा, जसं की निर्धारण अवाजवी चढं दिसत असेल किंवा करदात्याची खरोखर ओढाताण होणार असेल. म्हणजे 'दुप्पट' हा मुद्दा प्रधान आयुक्तांपुढच्या अर्जात घ्यायचा, आणि ९६चं नाव न घेता १९१४चं घ्यायचं.

शिवाय आकडा चढा का झाला तेही दाखवा. कलम ६८ ची भर ११५बीबीई खाली जाते. ६०% कर, त्यावर २५% अधिभार, वर ४% उपकर, एकूण ७८%. १६ लाखांच्या कर्जावर १२,४८,००० नुसता कर. लेबरच्या १२ लाखांवर ३१.२%ने पावणेचार लाख. म्हणजे वादातल्या डिमांडचा तीन चतुर्थांश भाग एकट्या कर्जाच्या मुद्द्यावर उभा आहे. स्टेच्या अर्जातही तीन चतुर्थांश शाई तिथेच खर्च करा.

---

तळजाई | २२ सप्टेंबर, १४:३८

मान्य. १९१४ मधलं ते वाक्य माहीत नव्हतं.

---

जमाखर्च_भोसरी | २२ सप्टेंबर, १५:०२

आभार सगळ्यांचे. दोन शंका. चलन कुठल्या प्रकारात भरायचं? आणि अर्जात नेमकं काय लिहायचं? ऑफिसातला जुना नमुना फक्त चार ओळींचा आहे, 'आर्थिक अडचण आहे तरी कृपया स्टे द्यावा' अशा थाटाचा.

---

मीनाक्षी_हिशेब | २२ सप्टेंबर, १६:१०

चलनाचं मी सांगते, कारण इथे माती होते.

पोर्टलवर ई-पे टॅक्समध्ये 'डिमांड पेमेंट अॅज रेग्युलर असेसमेंट टॅक्स', म्हणजे किरकोळ शीर्ष ४००. ते निवडलं की उभ्या असलेल्या डिमांड त्यांच्या संदर्भ क्रमांकासह समोर येतात. तीच ओळ निवडायची आणि रक्कम बदलून आपल्याला भरायची तेवढीच टाकायची, कारण ती आपोआप पूर्ण २४.६० लाख दाखवते. घाईत बरेच जण ३०० म्हणजे सेल्फ असेसमेंट निवडतात. पैसे सरकारजमा होतात, पण डिमांड जशीच्या तशी उभी राहते, आणि एओंच्या पडद्यावर '२०% भरलेले नाहीत'. मग चलन दुरुस्तीचा अर्ज, त्यात पंधरवडा. निर्धारण वर्षही २०२३-२४ च हवं, चालू वर्ष नव्हे.

दोन चलनं करा, ४,००,००० आणि १,५०,०००. कायद्याने एक चाललं असतं, पण अर्जासोबत जोडताना 'हे वादातले २०%' आणि 'ही मान्य रक्कम' असं बोट ठेवून दाखवता येतं.

मग 'पेंडिंग अॅक्शन्स'मध्ये 'रिस्पॉन्स टू आउटस्टँडिंग डिमांड'. तिथे 'डिमांड इज करेक्ट' वर चुकूनही टिचकी मारू नका. एकदा मान्य केलं की नंतर 'डिसअॅग्री' करता येत नाही. 'डिसअॅग्री', कारण 'अपील दाखल, स्टे अर्ज दाखल'. ती नोंद स्टेचा अर्ज आवक झाल्यावर करायची, आधी नाही. खोटी नोंद होते ती.

---

कलम_दोनशेवीस | २२ सप्टेंबर, १७:४५

आता अर्ज. चार ओळींचा नमुना फाडून टाका. एओ नकार लिहितात तेव्हा तो अर्जातल्या रिकाम्या जागेतून लिहितात.

वर पॅन, निर्धारण वर्ष, ऑर्डरची तारीख आणि डीआयएन (खात्याच्या पत्रावरचा ओळख क्रमांक), डिमांडचा संदर्भ क्रमांक, फॉर्म ३५ चा पावती क्रमांक. त्याखाली रकमांचा तक्ता: एकूण डिमांड, त्यातली मान्य, १५४ मधली, वादातली, भरलेली, उरलेली. हा तक्ता पहिल्या पानावरच. ज्याच्या टेबलावर अशा पन्नास फायली आहेत त्याला पहिल्या पानावर हिशोब दिसला पाहिजे.

मग तीन गोष्टी, ज्यावर स्टे ठरतो.

प्रथमदर्शनी बाजू मजबूत आहे का. प्रत्येक भरीमागे पाच-सहा ओळी, आणि ओळीगणिक जोडपत्राचा क्रमांक. कर्जासाठी: देणाऱ्याचं पॅन, खातं मान्य असल्याचं पत्र, त्याचं विवरणपत्र, बँक उताऱ्यातली ती नोंद. ओळख, ऐपत, व्यवहार खरा असणं, या तिन्ही बाबी प्रत्येक कर्जदात्यापुढे तक्त्यात. कर्ज बँकेतून फिटलं असेल तर ते पहिल्यांदा लिहा. लेबरसाठी: हजेरीपत्रक, पीएफ-ईएसआयची चलनं, आधीच्या दोन वर्षांत उलाढालीशी लेबरचं प्रमाण किती होतं. टक्केवारी तीच असेल तर तो मोठा मुद्दा.

आर्थिक ओढाताण. 'अडचण आहे' हे शब्द नकोत, आकडे हवेत. गेल्या सहा महिन्यांचे बँक उतारे, येणं-देण्याची वयानुसार यादी, कॅश क्रेडिटची मर्यादा आणि वापर, पुढच्या तीन महिन्यांचा रोकड अंदाज. पगार किती, बँकेचा हप्ता किती, जीएसटी किती, शिल्लक किती. एफडी असेल तर लपवू नका. टीडीएसवरून ती खात्याला दिसतेच. ती बँक गॅरंटीसाठी गहाण असेल तर तसं पत्र जोडा.

आणि तोल कुणाकडे. स्टे मिळाला तर सरकारचं काय जातं? २०% आलेत, उरलेल्यावर महिना १% व्याज चालू आहे, मशिनरी-जागा जागेवर आहे, करदाता नियमित विवरणपत्र भरतो. स्टे नाकारला तर वर्कशॉप बंद पडतं. हे एका परिच्छेदात.

शेवटची मागणी अशी काहीशी:

*'वरील वस्तुस्थिती विचारात घेऊन निर्धारण वर्ष २०२३-२४ च्या वादातील रु. २०,००,००० पैकी रु. ४,००,००० भरले असल्याने उर्वरित रु. १६,००,००० बाबत कलम २२०(६) अन्वये अपिलाचा निकाल लागेपर्यंत अर्जदारास कसूरदार समजू नये. तोवर कलम २२६(३) किंवा अन्य सक्तीची कारवाई करू नये. आणि अर्ज मान्य होण्याजोगा वाटत नसल्यास आदेशापूर्वी सुनावणीची संधी द्यावी.'*

बहुतेक जण इंग्रजीत देतात, ते असो. पण शेवटचं अर्धं वाक्य विसरू नका, सुनावणीचं. पुढे वर जायची वेळ आली तर 'मागूनही ऐकलं नाही' हे कागदावर राहतं.

---

पेठेतला_कारकून | २२ सप्टेंबर, १८:०५

दोन प्रती न्या. एकीवर आवक शिक्का, तारीख आणि आवक क्रमांक घ्या, नुसती सही नको. त्याच दिवशी एओंच्या अधिकृत मेलवर पीडीएफही. पुण्यात प्रत्येकाचा एओ आयकर भवनात, साधू वासवानी चौकातच बसतो असं नाही. सॅलिसबरी पार्कला बोधी टॉवरमध्येही कार्यालयं आहेत. आधी पोर्टलवर 'नो युवर एओ' बघा, मगच रिक्षा करा. पत्रावरचा डीआयएनही पोर्टलवर तपासून घ्या. १ ऑक्टोबर २०१९ पासून खात्याच्या पत्रावर तो लागतो, आणि नसेल तर आधी पत्र खरं का खोटं ते पाहायचं.

---

ओव्हरड्राफ्ट | २२ सप्टेंबर, २१:१८

सात दिवसांत बँकेला नोटीस गेलीच तर काय होतं ते लिहितो.

२२६(३)ची नोटीस शाखेत जाते, बँक त्या रकमेपुरतं खातं गोठवते आणि त्यातली रक्कम आयकर खात्याच्या नावे पाठवते. तुम्हाला प्रत येते, पण तोवर खातं थांबलेलं असतं. करंट खातं, बचत खातं, एफडी, सगळं यात. कॅश क्रेडिट किंवा ओव्हरड्राफ्टची न वापरलेली मर्यादा यात येत नाही. ती बँकेची रक्कम आहे, खातेदाराचं येणं नव्हे. काही शाखा तीही थांबवतात. तेव्हा मंजुरीपत्र दाखवून शाखा व्यवस्थापकाला लेखी कळवा.

संयुक्त खात्यात वाटे समसमान धरले जातात, वेगळं सिद्ध करेपर्यंत. आणि ही भागीदारी संस्था असल्यामुळे कलम १८८ए लक्षात ठेवा: संस्थेच्या करासाठी भागीदार एकत्र आणि स्वतंत्रपणे जबाबदार. म्हणजे 'फर्मचं खातं रिकामं केलं' हा उपाय नव्हे, भागीदाराच्या बचत खात्यापर्यंत हात पोचतो.

आयकर खात्याने तुमच्या गिऱ्हाइकांना नोटीस पाठवणं हे बँकेपेक्षाही वाईट. ज्याला नोटीस आली त्याने पैसे खात्याकडे न भरता तुम्हाला दिले, तर तो स्वतः कसूरदार ठरतो. त्यामुळे चाकणच्या मोठ्या कंपन्यांचा खरेदी विभाग नोटीस पाहताच सगळी बिलं थांबवतो, देणं नोटिशीच्या रकमेपेक्षा जास्त असलं तरी. ज्याचं देणं नाहीच त्याने शपथेवर तसं कळवायची सोय त्याच कलमात आहे.

आणि स्टे मिळाला म्हणून बँक खातं उघडत नाही! स्टेच्या आदेशात जप्ती उठवल्याचं लिहिलेलं नसेल तर एओंकडून बँकेच्या नावे वेगळं पत्र घ्यावं लागतं. अर्जातच ती मागणी घाला.

---

जुना_झगा | २३ सप्टेंबर, ०९:४०

ओव्हरड्राफ्टच्या पहिल्या परिच्छेदाला एक पुरवणी. मुंबई उच्च न्यायालयाचे दोन निकाल अर्जात असू द्यात. केईसी इंटरनॅशनल, २००१: स्टेच्या अर्जावर कारणांसह आदेश हवा, थोडक्यात बाजू मांडून, आणि नकार दिल्यावर करदात्याला वरच्या अधिकाऱ्याकडे जायला वाजवी वेळ हवा. यूटीआय म्युच्युअल फंड, २०१२: अपिलाची मुदत संपण्याआधी आणि स्टेचा अर्ज पडून असताना सक्तीची वसुली करू नये, खातं जप्त करण्याआधी पुरेशी सूचना द्यावी. पुण्याच्या अधिकाऱ्यांवर हे निकाल बंधनकारक आहेत.

पण 'अर्ज पडून असताना' हे संरक्षण अर्ज टाकल्यावर सुरू होतं. तो आठवड्याने टाकण्यात काही शहाणपणा नाही.

---

जमाखर्च_भोसरी | २३ सप्टेंबर, १०:२२

आज दुपारी अर्ज जातोय. व्याजाचं विचारायचं राहिलं. स्टे मिळाल्यावर १% थांबतं का?

---

मीनाक्षी_हिशेब | २३ सप्टेंबर, १०:५५

नाही थांबत. स्टे म्हणजे वसुली थांबते, २२०(२)चं व्याज नाही. महिना १%, सुरू झालेला महिना पूर्ण धरतात. १८ एप्रिल ते आज, सहा महिने. पूर्ण २४.६० लाखांवर २४,६०० महिना, म्हणजे १,४७,६०० आजवर. टीडीएसची दुरुस्ती झाली की त्या ३.१० लाखांवरचं व्याजही उतरतं. पुढे १६ लाखांवर १६,००० महिना.

अपील पूर्ण जिंकलात तर त्या रकमेवरचं व्याजही जातं, आणि भरलेल्या ४ लाखांवर २४४ए प्रमाणे महिना अर्धा टक्का मिळतो. घेताना एक, देताना अर्धा. अर्धं हरलात तर तेवढ्यावरचं व्याज राहतं. म्हणून अपील कमकुवत असेल आणि हातात पैसे असतील तर २०%वर न थांबता जास्त भरणं हिशोबाने स्वस्त पडतं. बँकेच्या ओडीचं व्याज १०-११% असेल तर १२%च्या डिमांडसाठी ओडी वापरणंही परवडतं. हे प्रत्येकाने आपलं आपण मांडून बघावं.

---

गुळाचा_चहा | २३ सप्टेंबर, ११:३०

दुसऱ्या वर्षाचा रिफंड येणं असेल तर? तो ओढून घेतात का?

---

कलम_दोनशेवीस | २३ सप्टेंबर, १२:१२

२४५ खाली. आधी सूचना येते, २१ दिवसांत पोर्टलवर उत्तर द्यायचं. उत्तर दिलं नाही तर संमती धरून रिफंड वळवतात. उत्तरात स्टेचा आदेश जोडायचा.

आता बारीक गोष्ट. २०१६च्या निवेदनात एओंना रिफंड वळवण्याचा हक्क राखून ठेवता येतो, पण स्टेसाठी लागणाऱ्या रकमेपुरताच. म्हणजे रिफंड ४ लाख वळवला तर तेच तुमचे २०%. तुम्ही ४ लाख रोख भरलेत आणि वर ३ लाखांचा रिफंडही वळवला, तर ते जास्तीचं आहे. परत मागा, आणि स्टेच्या आदेशात तशी अट आहे का बघा. उलट बाजूनेही उपयोग होतो: रिफंड येणं असेल आणि रोख नसेल, तर अर्जातच लिहा की अमुक वर्षाचा रिफंड २०%त धरावा.

याच निवेदनात आणखी दोन अटी असतात: अपील लवकर निकाली निघायला सहकार्य करायचं, आणि वाजवी काळाने, साधारण सहा महिन्यांनी, एओ आदेशाचा फेरविचार करू शकतात. अपिलाच्या नोटिशीला तारखा मागत बसलात तर स्टे जातो, आणि तो तुमच्या चुकीने जातो.

---

तळजाई | २३ सप्टेंबर, १२:४०

हे सगळं जीएसटीतही असंच का?

---

मीनाक्षी_हिशेब | २३ सप्टेंबर, १३:२५

उलटं आहे. जीएसटीत कलम १०७ प्रमाणे वादातल्या कराच्या १०% (कमाल २० कोटी) भरून आणि मान्य रक्कम पूर्ण भरून अपील दाखल केलं की उरलेल्याची वसुली आपोआप थांबते. वेगळा स्टे अर्ज नाही. अपिलाची मुदत तीन महिने, आणि कलम ७८ प्रमाणे सर्वसाधारणपणे वसुलीही आदेश मिळाल्यापासून तीन महिन्यांनीच. इथे १०% फक्त करावर. आयकरात मात्र २०% व्याजासकटच्या डिमांडवर काढतात.

गोंधळ होतो तो डीआरसी-०३ (आपण होऊन रक्कम भरायचा जीएसटीचा फॉर्म) मुळे. १०% त्यातून भरले तर ते मागणीच्या नोंदीला चिकटत नाहीत आणि लेजरमध्ये पूर्ण रक्कम उभी दिसते. त्यासाठी डीआरसी-०३ए हा फॉर्म आलाय, त्याने ते चलन त्या मागणीशी जोडायचं.

---

पेठेतला_कारकून | २३ सप्टेंबर, १३:४०

आणि महापालिकेच्या मिळकतकरात याहून तिसरंच. कलम ४०६चं अपील पंधरा दिवसांत, आणि मागितलेली रक्कम आयुक्तांकडे भरल्याशिवाय ते ऐकूनच घेत नाहीत. २०% नाही, १०% नाही. थकवलं तर महिना २% शास्ती. एकाच शहरात तीन कर, तीन तऱ्हा.

---

जमाखर्च_भोसरी | बुधवार, ८ ऑक्टोबर २०२५, १७:३६

अद्ययावत स्थिती. चलनं ४००त, दोन. अर्ज २३ला आवक. १५४ वेगळा. काल आदेश आला: *'करदात्याने एकूण डिमांडच्या २०% भरलेले नाहीत, सबब अर्ज फेटाळण्यात येत आहे.'* एवढंच. एकूण म्हणजे २४.६०चे २०%, ४.९२ लाख, असं धरलंय. मान्य रकमेचे १.५० लाख मोजलेलेच नाहीत.

---

जुना_झगा | ८ ऑक्टोबर, १८:१०

हा आदेश तुमच्या फायद्याचा आहे. एक तर एका ओळीचा, केईसीच्या कसोटीला उतरत नाही. दुसरं, आकडाच चुकलाय: निवेदनात 'वादातली डिमांड' म्हटलंय, एकूण नव्हे. तिसरं, एकूण धरली तरी ५.५० लाख भरलेत, ते ४.९२ हून जास्तच.

आता दोन पत्रं एकाच दिवशी. एक एओंना, साध्या भाषेत: हिशोबात अशी चूक दिसते, पुन्हा पाहावा, सोबत तक्ता आणि दोन्ही चलनं. भांडणाचा सूर नको. पुष्कळदा एवढ्यानेच काम होतं, कारण पडद्यावर एकच चलन दिसलेलं असतं. दुसरं प्रधान आयुक्तांना, फेरविचाराची याचिका, दोन आठवड्यांची मुदत नमूद करून. त्यात मूळ अर्ज, कालचा आदेश, एओंना आज दिलेलं पत्र, आणि चढ्या निर्धारणाचा १९१४चा मुद्दा. याचिका पडून असेपर्यंत कारवाई नको अशी अंतरिम विनंती पहिल्याच परिच्छेदात.

आयुक्तांनीही नकार दिला तरच मुंबई उच्च न्यायालयात रिट. आणि मुंबईलाच, ऑगस्टमध्ये सुरू झालेल्या कोल्हापूरच्या सर्किट बेंचकडे सहा जिल्हे आहेत, पुणे त्यात नाही. आयुक्तांची पायरी गाळून गेलात तर आधी तिकडे जा म्हणून परत पाठवतात.

---

गुळाचा_चहा | ८ ऑक्टोबर, १८:३२

ट्रिब्युनलला (आयकर अपील न्यायाधिकरणाला) जाता येत नाही का? पुण्यातच आहे ना ते.

---

कलम_दोनशेवीस | ८ ऑक्टोबर, १९:०५

पुण्यात आहे, पण आता नाही. पहिलं अपील सुटून दुसरं अपील तिथे दाखल झाल्यावरच. तेव्हाचा मार्ग कलम २५४(२ए): फी ५०० रुपये, अर्ज तीन प्रतींत शपथपत्रासह. खात्याकडे स्टे मागितला होता का आणि काय झालं हे त्यात लिहावंच लागतं, म्हणून आजचे सगळे कागद जपून ठेवा. तिथे किमान २०% किंवा तेवढ्याच रकमेचं तारण ही अट कायद्यातच आहे, परिपत्रकात नव्हे. स्टे १८० दिवसांचा, वाढवून एकूण ३६५ पर्यंत. ३६५ नंतर आपोआप उठतो अशी तरतूद होती, पण विलंब करदात्यामुळे नसेल तर तसा उठत नाही असं सर्वोच्च न्यायालयाने पेप्सी फूड्समध्ये एप्रिल २०२१ला ठरवलं.

यात लोक एका जागी हमखास सापडतात. एओंचा स्टे पहिल्या अपिलाच्या निकालापुरता असतो. निकाल विरुद्ध गेला की त्याच दिवशी स्टे संपला. तो निकाल पोर्टलवर आणि नोंदवलेल्या मेलवर येतो, आणि तो मेल चार वर्षांपूर्वी सोडून गेलेल्या अकाउंटंटचा असतो! निकाल आल्याचं पहिल्यांदा कळतं ते बँकेकडून. फॉर्म ३५ मधला आणि प्रोफाइलमधला मेल-मोबाइल आजच बघून घ्या. ट्रिब्युनलची मुदत आता निकाल मिळालेल्या महिन्याच्या अखेरीपासून दोन महिने आहे, पण स्टेसाठी दोन महिने थांबता येत नाही. निकाल हाती येताच अपील आणि स्टे अर्ज जोडीने.

---

जमाखर्च_भोसरी | शुक्रवार, १७ ऑक्टोबर २०२५, १२:१४

एओंनी आदेश बदलला. १६,००,००० वर पहिल्या अपिलाच्या निकालापर्यंत स्टे, सहा महिन्यांनी फेरविचाराच्या अटीसह. १५४ वर टीडीएसचं क्रेडिटही मिळालं. बँकेला नोटीस गेली नव्हती. प्रोफाइलमधला मेल जुन्या अकाउंटंटचाच निघाला, तो बदलला.

---

मीनाक्षी_हिशेब | १७ ऑक्टोबर, १२:४१

छान! आता पोर्टलवरचं उत्तर बदला, 'स्टे अर्ज दाखल' काढून 'स्टे मंजूर', आदेशाची प्रत चढवून. नाहीतर पुढच्या रिफंडला २४५ची सूचना येणारच. आणि आयुक्तांकडची याचिका आता निरर्थक झाली असं दोन ओळींचं पत्र तिथेही द्या.

---

पेठेतला_कारकून | १७ ऑक्टोबर, १२:५८

त्या पत्रावरही आवक क्रमांक घ्या.